कापशीचा कंगवा, आठ महिन्यांनंतर

वस्तू साधी आहे. मांजर विंचरायचा स्टीलचा कंगवा, साडेसात इंच लांब, अर्ध्या भागात विरळ दाते आणि अर्ध्या भागात दाट. मूठ नाही. नागपूरच्या बर्डीवर, म्हणजे सीताबर्डीच्या बाजारात, ३२० रुपयांना मिळाला. मागच्या पोळ्याच्या दोन दिवस आधी घेतला आणि आता चैत्र संपत आला, म्हणजे आठ महिने जवळजवळ रोज हातात आहे. कंपनीचं नाव सांगत नाही. एकाच कंपनीचे, एकाच खोक्यातले दोन कंगवे मी दुकानात तपासले. एक उत्तम निघाला, दुसरा मांजराच्या अंगाला लावण्याच्या लायकीचा नव्हता. तेव्हा नाव पाहून घेऊ नका, दाते पाहून घ्या. कसे पाहायचे ते पुढे सांगतो.

मी नागपूरच्या महाल भागात बडकस चौकाजवळ शिलाईचं दुकान चालवतो. खाली दुकान, वर घर. कापशी ही माझ्या पोरीची मांजर. पर्शियन, पांढरीशुभ्र, चार वर्षांची. पोरीनं तिचं नाव स्नोई ठेवलं होतं, पण बोंड फुटल्यावर कापूस दिसतो तशी ती दिसते, म्हणून आमच्या घरात ती कापशीच. मागच्या जून महिन्यात पोरगी नोकरीसाठी पुण्याला गेली. तिथं खोलीवर मांजर चालत नव्हतं, म्हणून कापशी आमच्याकडे राहिली. तोवर तिचं न्हाणं-विंचरणं सगळं पोरगीच करायची. आम्ही दोघं फक्त खाऊ घालायचो आणि लाड करायचो.

जुलैत पाऊस लागला आणि कापशीच्या अंगाला वास येऊ लागला. पोटाखाली केस चिकट झाले होते, काखेत दोन-तीन गाठी होत्या. मला वाटलं, अंघोळ घातली की साबणानं गाठी सुटतील. तिथंच चुकलो. आणि ही चूक माझ्यासारख्या माणसानं करायला नको होती, कारण लोकरीचं कापड गरम पाण्यात घालून चोळलं की काय होतं हे मला चांगलं ठाऊक आहे. ते आक्रसतं आणि त्याचा नमदा होतो. कापशीच्या गाठींचं तेच झालं. न्हाण्याआधी बोरासारख्या होत्या, वाळल्यावर एकमेकींत गुंतून तळहाताएवढी एकच चपटी घट्ट जट झाली, कातडीला लागून. पुढचा पाय टाकताना ती कातडी ओढली जायची. ती लंगडायला लागली तेव्हा कुठं आमच्या ध्यानात आलं.

मी कातर हातात घेतली होती. कापडावर माझा हात डोळे मिटूनही चुकत नाही. पण जट वर उचलली की तिच्यासोबत कातडीही तंबूसारखी वर येते, आणि मांजराची कातडी इतकी पातळ आणि सैल असते की केस कुठं संपले आणि कातडी कुठं सुरू झाली हे बोटांना कळतच नाही. माझ्या बोटांनाही कळलं नाही. मी कातर ठेवून दिली.

मग तिला एका दुकानात नेलं, जिथं पाळीव प्राण्यांना न्हाऊ-माखू घालतात. नाव घेत नाही. दोन तासांनी परत दिली तेव्हा जट तशीच होती, वरून फक्त सुगंधी पावडर टाकलेली आणि कानामागे लाल ओरखडा. घरी आल्यावर ती जुन्या पायमशीनच्या मागे जाऊन बसली ती दोन दिवस बाहेर आली नाही. पाणीसुद्धा रात्री सगळे झोपल्यावर प्यायची. त्या दोन दिवसांत मी ठरवलं की आता हिला कुणाच्या हातात द्यायची नाही, आपणच शिकायचं.

सेमिनरी हिल्सवर पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे, १९५८ सालापासूनचं. लहान असताना आम्ही तिथं बाबांबरोबर गाय घेऊन गेलो होतो, मांजर घेऊन पहिल्यांदाच गेलो. तिथल्या डॉक्टर मॅडमनी केस कापायच्या मशीननं जट काढली, सावकाश, थांबत थांबत. खाली कातडी लाल आणि दमट होती. त्या म्हणाल्या, "काका, अंघोळ ही शेवटची गोष्ट. आधी कंगवा. आणि ब्रश नको, ब्रश वरून फिरतो." मग त्यांनी मला कापशीच्या पाठीवरचे केस बोटांनी दुभागून दाखवले. वर लांब, गुळगुळीत केस आणि आत बारीक, मऊ, दाट लोकर. मला लगेच कळलं. वरचं कापड आणि आतलं अस्तर. गुंता अस्तरात होतो. गळालेले बारीक केस बाहेर न पडता आतच अडकून राहतात आणि त्यांच्याच गाठी बनतात. साध्या देशी मांजराचं अंगच असं असतं की ते जिभेनं सगळं काढतं. जिभेवर मागं वळलेले काटे असतात, तोच त्याचा कंगवा. पर्शियनच्या एवढ्या लांब लोकरीला ती जीभ पुरत नाही, शिवाय चाटलेले केस पोटात जाऊन गोळे होतात ते वेगळंच.

तर कंगवा. बर्डीवर गेलो तेव्हा खिशात सॅटिनचा एक तुकडा घेऊन गेलो होतो, ब्लाऊजच्या अस्तरातून उरलेला. ही परीक्षा माझी मीच काढली आणि ती मी सगळ्यांना सांगतो. कंगव्याचे दाते सॅटिनवर हलक्या हातानं आडवे ओढायचे. दात्याच्या टोकाला जरासुद्धा धार किंवा बुरा राहिला असेल तर सॅटिनचा धागा ओढला जातो, लगेच दिसतो. डोळ्यांना आणि बोटाला जे कळत नाही ते सॅटिनला कळतं. पहिल्या कंगव्यानं चार ठिकाणी धागे ओढले. दुसरा पाण्यासारखा गेला. दुकानदार आधी कुरकुरला, मग स्वतःच तुकडा मागून घेऊन बाकीचे कंगवे तपासत बसला. सॅटिन नसेल तर मनगटाच्या आतल्या बाजूला फिरवून पाहा. तिथं खरचटल्यासारखं वाटलं तर मांजराला पोटाखाली त्याहून जास्त लागेल.

घरी आणला आणि लगेच वापरला नाही. दोन दिवसांनी पोळा, त्याच्या दुसऱ्या दिवशी पोरांचा तान्हा पोळा आणि मारबत, म्हणजे मोठ्या पुतळ्यांची मिरवणूक. आमच्या भागातून मारबतीची मिरवणूक जाते तेव्हा ढोल-ताशांनी खिडक्यांच्या काचा थरथरतात. कापशी कटिंगच्या टेबलाखाली कापडाच्या गठ्ठ्यात शिरली होती. अशा दिवशी तिच्या अंगाला हात लावायचा नाही, हे एक मी आपणहून बरोबर केलं. तीन दिवस कंगवा नुसता तिच्या बसायच्या पोत्यावर ठेवला. तिनं हुंगला, गाल घासला. चौथ्या दिवशी हनुवटीखाली दोनदा फिरवला आणि बंद केलं.

पहिले पंधरा दिवस मी एकच चूक रोज करत होतो. एका हातानं तिला धरून ठेवायचो आणि दुसऱ्यानं विंचरायचो. शिलाईत कापड ताणून धरायची सवय. ती दोन मिनिटांत उठून जायची. आमच्या घरच्यांनी एक दिवस पाहिलं आणि म्हणाल्या, "अजी, धरून काऊन ठेवता तिले? नुसता हात ठेवा ना." मी नुसता तळहात खांद्यावर ठेवला, बोटं मिटली नाहीत. त्या दिवशी ती सहा मिनिटं बसली. या आठ महिन्यांत कापशीबाबत यापेक्षा मोठी गोष्ट मला कुणी शिकवली नाही, डॉक्टर मॅडमनीही नाही. मानेचं कातडं धरून मोठ्या मांजराला दाबून ठेवणं तर मी कधीच करत नाही. ती गप्प राहते ती भीतीनं.

आता हात बसला आहे. विरळ दाते आधी, पाठ आणि बाजू, केस वाढतात त्याच दिशेनं. मग मांड्या, छाती. काखा आणि पोट शेवटी आणि तेही रोज नाही, एक दिवस डावी बाजू, एक दिवस उजवी. दाट दाते कानामागे, गालाजवळ, हनुवटीखाली. शेपटीला दाट दाते लावायचेच नाहीत, तिथले केस तुटले तर परत यायला फार महिने लागतात. शेपटीचं टोक फटक्यासारखं हलायला लागलं, पाठीची कातडी थरथरली, कान बाजूला झुकले की मी तिथंच थांबतो, अर्धी बाजू राहिली तरी. दुसऱ्या दिवशी तिथूनच सुरू करतो. उसवायच्या शिवणीसारखं आहे हे, घाईत ओढलं की कापड फाटतं.

गाठ लागली तर ती केसाच्या टोकाकडून सोडवायची, मुळाकडून कधीच नाही. डाव्या हाताच्या दोन बोटांत गाठीचं मूळ चिमटून धरायचं, म्हणजे ओढ कातडीपर्यंत पोहोचत नाही. कंगव्याच्या शेवटच्या दोन-तीन दात्यांनी टोकाकडून थोडे थोडे केस मोकळे करायचे. गाठ कोरडी असताना तिच्यावर चिमूटभर कॉर्नफ्लॉवर चोळलं तर केस एकमेकांवरून सरकतात. अंगठ्याच्या नखाहून मोठी आणि कातडीला लागलेली गाठ असेल तर हात लावू नका. मशीन असलेल्या डॉक्टरकडेच न्या.

कंगव्यातले दोष आता सांगतो, कारण आहेत. मूठ नसल्यामुळे घामट हातातून तो निसटतो, आणि नागपूरच्या एप्रिलमध्ये हात कोरडा राहतो कुणाचा? मी त्याच्या पाठीवर खादीची पट्टी गुंडाळून टाके घालून घेतले. दोनदा फरशीवर पडला तर कडेचा एक बारीक दाता वाकला. तो मी चिमट्यानं सरळ केला आणि पुन्हा सॅटिनवर पाहिला. डिसेंबर-जानेवारीत थंडीनं स्टील इतकं गार पडतं की अंगाला लावलं की कापशी चमकायची. आता आधी मिनिटभर मुठीत धरून ऊब देतो. दाते जिथं पट्टीत बसवलेत तिथं पाणी राहिलं की तपकिरी डाग पडतो. मशीनचं तेल लावावं असं एकदा मनात आलं होतं, पण मांजर आपलं सगळं अंग चाटतं. जे कंगव्याला लावाल ते तिच्या पोटात जाणार. म्हणून फक्त कोरड्या कापडानं पुसतो आणि उन्हात ठेवतो.

एक गुण मात्र मला उशिरा कळला. आमच्याकडे मार्चपासून हवा इतकी कोरडी होते की प्लॅस्टिकच्या ब्रशनं केस चटचट करतात, अंगाला चिकटतात, कधी मांजराला बारीक झटकाही बसतो. पोरीचा जुना ब्रश तिला का आवडत नव्हता ते मला या उन्हाळ्यात समजलं. स्टीलनं ते खूपच कमी होतं. तळहात किंचित ओला करून आधी पाठीवरून फिरवला तर होतच नाही.

अंघोळीबद्दल. कंगवा नीट चालायला लागल्यापासून अंघोळीची गरजच कमी झाली. आता दीड-दोन महिन्यांतून एकदा, किंवा मागचा भाग घाण झाला तर तेवढाच भाग धुतो. अंघोळीच्या आधी तीन दिवस सगळं अंग विंचरून एकही गाठ राहिली नाही हे बोटांनी तपासतो. आदल्या दिवशी नखं कापतो. नखात आतली गुलाबी शीर दिसते, तिच्या बरंच अलीकडे, फक्त पांढरं टोक.

उन्हाळ्यात सकाळी सातच्या आत आटोपतो, कारण दहानंतर टाकीचं पाणी नळातून उकळल्यासारखं येतं. पाणी कोपरानं पाहायचं. मांजराच्या अंगाची उष्णता आपल्याहून जास्त, ३८ ते ३९ अंश, त्यामुळे आपल्याला जेमतेम कोमट वाटेल ते तिला ठीक. नळ किंवा शॉवर चालू ठेवायचा नाही, आवाजानंच ती बिथरते. दोन टब आधीच भरून ठेवायचे आणि टबात तळाशी जुना टॉवेल घालायचा. हा टॉवेल फार महत्त्वाचा. ती पाण्याला जेवढी घाबरते त्याहून जास्त पाय घसरण्याला घाबरते. टॉवेलात नखं रुतली की ती उभी राहते, ओरडते थोडी, पण उभी राहते. मगानं मानेपासून मागे पाणी. तोंडावर कधीच नाही, तोंड ओल्या मलमलीनं पुसायचं. कानात पाणी जाऊ द्यायचं नाही.

साबण-शाम्पूच्या बाबतीत मी कडक आहे. आपला शाम्पू नको. आपली कातडी जास्त आम्ल असते, पीएच साडेपाचच्या आसपास, मांजराची सहा-सातच्या जवळ. मांजरासाठीचा असं लिहिलेलाच घ्यायचा, आणि तोही मगभर पाण्यात कालवून. डेटॉल, फिनाईल यांचा थेंबही नको. कुत्र्यांच्या गोचिडांसाठी येणारा शाम्पू किंवा औषध तर अजिबात नको. त्यात बऱ्याचदा परमेथ्रिन हे कीटकनाशक असतं आणि मांजराला त्यानं झटके येतात, जीवही जाऊ शकतो. माझ्याकडे कपडे शिवायला येणाऱ्या एका ताईंच्या घरी कुत्रा आणि मांजर दोन्ही आहेत. त्या एकच बाटली दोघांना वापरणार होत्या. मी त्यांना दारातूनच परत पाठवून बाटली वाचायला लावली. तुमच्याकडेही असेल तर आज वाचा. टी ट्री तेलाचंही तेच, कितीही नैसर्गिक लिहिलेलं असो.

आमच्या बोअरचं पाणी जड आहे, शाम्पू सहजी निघत नाही. म्हणून दुसऱ्या टबानंतरही चार-पाच मग. केस बोटांत धरून ओढले की किचकिच वाजले पाहिजेत. राहिलेला शाम्पू ती चाटणार आहे.

पुसताना चोळायचं नाही. माझ्याकडे बाबांचं जुनं धोतर आहे, पन्नास वेळा धुतलेलं, सुती. त्यात तिला गुंडाळून फक्त दाबायचं, मग दुसरं कोरडं कापड, मग तिसरं. चोळलं की पुन्हा गाठी. थंडीत गच्चीवर जाळीच्या आत ऊन देतो. उन्हाळ्यात कूलरसमोर ठेवत नाही, त्याची हवा दमट असते आणि अस्तर वाळत नाही, पंखा पुरतो. पावसाळ्यात मी अंघोळ टाळतोच. लोकर आतून ओली राहिली की बुरशी धरते, आणि ती गजकर्णासारखी माणसालाही लागते. फारच गरज पडली तर विरळ दात्यांनी केस उचलत उचलत तासभर वाळवतो. इथं कंगवा पुन्हा कामी येतो.

याशिवाय दोन वस्तू घेतल्या होत्या. जाळीची अंघोळीची पिशवी, ४५० रुपये, जिच्यात मांजराला घालून चेन लावायची आणि पाणी टाकायचं. एकदाच वापरली. कापशीनं जो आवाज काढला तो मी आधी ऐकला नव्हता. मी तिथंच चेन उघडली आणि पिशवी कापून तिचे पोछे केले. कुणाच्या मांजराला चालत असेलही, मी घ्या म्हणणार नाही. रबरी दाण्यांचा हातमोजा, १५० रुपये, पर्शियनला निरुपयोगी, वरवर फिरतो. पण समोरच्या वाड्यातल्या पट्टेरी बोक्याला दिला तर तो रोज संध्याकाळी त्यासाठी दारात येऊन बसतो. आखूड केसांच्या मांजराला तेवढाच पुरे.

काखेतले कापलेले केस संक्रांतीपर्यंत पूर्ण भरून आले. आता रात्री दुकान बंद करून वर गेलो की कापशी आधीच पोत्यावर येऊन बसलेली असते. रेडिओ लावतो, सात-आठ मिनिटं विंचरतो, कंगव्यात निघालेला कापूस एका डब्यात टाकतो. पोरगी व्हिडिओ कॉलवर बघत बसते.

तिच्या पुण्यातल्या मैत्रिणीनं आता पर्शियन पिल्लू आणलंय आणि तिनं असाच कंगवा मागवला. काल बर्डीवरून घेतला. घाईत सॅटिन न्यायचं विसरलो. घरी येऊन पाहिला तर दाट बाजूच्या तिसऱ्या दात्याला धागा अडकला. उद्या दुकान उघडायच्या आधी जाऊन बदलून आणतो.